चाळिशी, चष्मा आणि विमा : कामगार कुटुंबांसाठी एक अभ्यास

प्रास्ताविक

अक्कलकोट रोड एमआयडीसी हे नाव उच्चारले की सोलापूरकराच्या कानांत यंत्रमागांचा खडखडाट घुमू लागतो. चादर आणि टेरी टॉवेल यांच्या जोरावर सोलापूरचे नाव देशोदेशी पोहोचले. हा सारा व्यवसाय कामगारांच्या हातांवर उभा आहे, असे आपण नेहमी म्हणतो. परंतु तो त्यांच्या डोळ्यांवरही तितकाच उभा आहे, याकडे आपले फारसे लक्ष जात नाही. ताण्यातील एक धागा तुटला, तर शेकडो धाग्यांतून तो नेमका हेरावा लागतो, त्याला गाठ द्यावी लागते आणि फणीच्या योग्य घरातून पुन्हा ओवून घ्यावे लागते. कांडी भरणे, टॉवेलची कड शिवणे, रंगाची छटा जुळवणे, तयार मालातील दोष शोधणे, ही सगळी डोळ्यांची कामे आहेत. घरी सूप मांडीवर घेऊन विडी वळणाऱ्या मातेचे कामही त्याहून निराळे नाही.

आमच्या निवासी शाळेतील अनेक विद्यार्थी अशाच घरांतून येतात. पालक सभेच्या दिवशी आम्हांला एक प्रश्न वारंवार विचारला जातो : "आमच्याकडे विम्याचे कार्ड आहे, तरी डोळे तपासायला आणि चष्मा घ्यायला पैसे का पडतात?" प्रश्न साधा आहे, पण त्याचे उत्तर एका वाक्यात देता येत नाही. कारण 'विम्याचे कार्ड' या एकाच नावाखाली चार-पाच निरनिराळ्या योजना वावरत असतात, आणि प्रत्येकीचे नियम वेगळे असतात. कोणत्या योजनेतून काय मिळते, काय मिळत नाही आणि का मिळत नाही, हे विद्यार्थ्यांना व पालकांना समजावे, एवढाच प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

१. विम्याचे मूळ तत्त्व

जी आपत्ती केव्हा येईल हे ठाऊक नसते आणि आली तर तिचा खर्च एकट्याला पेलत नाही, तिचा भार अनेकांनी मिळून उचलणे म्हणजे विमा. हजार माणसे दरवर्षी थोडी थोडी रक्कम एकत्र जमा करतात. त्यांच्यापैकी ज्या मोजक्या माणसांवर शस्त्रक्रियेचा प्रसंग येतो, त्यांचा खर्च त्या निधीतून भागतो. बाकीच्यांचे पैसे वाया गेले असे कोणी म्हणत नाही. त्यांना वर्षभर निर्धास्तपणा मिळालेला असतो.

या व्यवस्थेचा पाया अनिश्चितता हा आहे. हजारांपैकी हजारांनाही जो खर्च येणारच, त्याचा विमा उतरवण्यात अर्थ राहत नाही. प्रत्येकाला आपलेच पैसे परत घ्यायचे असतील, तर मध्ये व्यवस्थापनाचा खर्च मात्र वाढतो. चष्म्याचे नेमके असेच आहे. वयाच्या चाळिशीच्या सुमारास डोळ्यातील भिंगाची लवचिकता कमी होते आणि जवळचे अक्षर धूसर दिसू लागते. हे श्रीमंताला चुकत नाही आणि गरिबालाही चुकत नाही. मराठी भाषेने ही गोष्ट इतकी गृहीत धरली आहे की चष्म्यालाच आपण 'चाळिशी' म्हणतो. जी वस्तू वयाच्या आकड्यानेच ओळखली जाते, ती विमा कंपनीच्या दृष्टीने अनपेक्षित आपत्ती ठरत नाही. म्हणून नित्य नेत्रतपासणी आणि चष्मा हे दोन्ही खर्च बहुतेक आरोग्य विम्यांच्या बाहेर ठेवलेले आढळतात.

२. हा खर्च खरोखर किरकोळ आहे काय?

विमा कंपनीच्या हिशोबात चष्मा किरकोळ आहे. कामगाराच्या हिशोबात तो तसा नाही. चष्म्याला जितके पैसे लागतात, त्यापेक्षा कितीतरी अधिक चष्मा नसल्यामुळे जातात.

या बाबतीत आपल्याच देशातील एक पुरावा लक्षात ठेवण्यासारखा आहे. आसाममधील चहाच्या मळ्यांत चाळिशी ओलांडलेल्या ७५१ कामगारांवर एक प्रयोग करण्यात आला. त्यांच्यापैकी निम्म्या कामगारांना जवळचे पाहण्याचा साधा चष्मा लगेच दिला आणि उरलेल्यांना प्रयोग संपल्यावर दिला. चष्मा मिळालेल्यांची दररोजची पानतोडणी दुसऱ्या गटापेक्षा सुमारे २१ टक्क्यांनी अधिक वाढली. 'लॅन्सेट ग्लोबल हेल्थ' या वैद्यकीय नियतकालिकाने २०१८ मध्ये हे निष्कर्ष प्रसिद्ध केले. चहाची पाने खुडणे हे काम फार बारीक नव्हे. सूत जोडणे त्याहून बारीक आहे. तुकड्यावर मजुरी घेणाऱ्या यंत्रमाग कामगाराला वा हजार विड्यांवर मजुरी मिळणाऱ्या स्त्रीला धूसर दृष्टीची किंमत दर आठवड्याच्या पगारात मोजावी लागते. फक्त ती किंमत पगाराच्या पाकिटावर लिहिलेली नसते.

मुलांच्या बाबतीत नुकसान आणखी खोल असते. लांबचे अंधुक दिसणाऱ्या मुलाला आपल्याला कमी दिसते हे कळतच नाही, कारण जग तसेच पाहण्याची त्याला सवय झालेली असते. फळ्यावरचे उतरवताना ते चुकते, शेजाऱ्याच्या वहीत डोकावते, मागच्या बाकावर गप्प बसून राहते. आणि हळूहळू वर्गात त्याच्यावर 'ढ' असा शिक्का बसतो. एका भिंगाने जो दोष दूर झाला असता, तो बुद्धीचा दोष समजला जातो. या एका कारणासाठी तरी नेत्रतपासणीचा विषय प्रत्येक शाळेने गंभीरपणे घ्यावा, असे आम्हांला वाटते.

जागतिक आरोग्य संघटनेच्या २०१९ च्या दृष्टिविषयक अहवालानुसार जगात किमान २२० कोटी लोकांना दृष्टिदोष आहे, आणि त्यांपैकी किमान १०० कोटी लोकांचा दोष टाळता आला असता किंवा त्यावर अद्याप उपचार झालेले नाहीत. साध्या चष्म्याअभावी अडलेले लोक या संख्येत फार मोठ्या प्रमाणात आहेत.

३. नित्य नेत्रतपासणी म्हणजे काय?

पुष्कळांचा असा समज असतो की डोळे तपासणे म्हणजे नंबर काढणे. नंबर काढणे हा तपासणीचा एक भाग आहे. पूर्ण तपासणीत सामान्यतः चार गोष्टी पाहिल्या जातात : अक्षरांच्या तक्त्यावरून दूरची व जवळची दृष्टी, भिंगे बदलून निश्चित केलेला नंबर, डोळ्यातील दाब, आणि बाहुली मोठी करणारे थेंब टाकून पाहिलेला डोळ्याचा पडदा.

यांपैकी शेवटच्या दोन तपासण्या चष्म्यासाठी नसतात, दृष्टी वाचवण्यासाठी असतात. काचबिंदूमध्ये दीर्घकाळ कोणतीही वेदना होत नाही. बाजूची दृष्टी हळूहळू नाहीशी होते आणि गेलेली दृष्टी परत येत नाही. मधुमेहामुळे पडद्यावर होणारे परिणामही आरंभी जाणवत नाहीत. म्हणून मधुमेह असलेल्या व्यक्तीने दिसण्यात काहीही फरक वाटत नसला तरी वर्षातून एकदा पडदा तपासून घ्यावा. दुकानात नंबर काढून घेतला म्हणजे डोळे तपासले गेले, असे समजू नये.

४. खासगी आरोग्य विमा : काय असते, काय नसते

सर्वसाधारण आरोग्य विमापत्र हे रुग्णालयात दाखल होण्याच्या खर्चासाठी असते. किमान २४ तास दाखल राहणे ही त्याची सामान्य अट असते. मोतीबिंदूसारख्या एका दिवसात होणाऱ्या शस्त्रक्रियांना या अटीतून सूट असते. बाह्यरुग्ण विभागातील तपासणी, चष्मा आणि काँटॅक्ट लेन्स यांचा खर्च सामान्यतः त्यात बसत नाही. काही विमापत्रांत जादा हप्ता भरून बाह्यरुग्ण सेवेची जोड घेता येते. परंतु त्यातही वर्षाची मर्यादा किती आणि चष्म्याचा उल्लेख स्पष्ट आहे की नाही, हे वाचूनच निर्णय घ्यावा.

भारतीय विमा नियामक व विकास प्राधिकरणाने २०१९ मध्ये वगळण्याच्या बाबींची भाषा सर्व कंपन्यांसाठी एकसारखी केली. त्यानुसार चष्म्याचा नंबर घालवण्यासाठी केलेल्या उपचारांचा खर्च, तो नंबर ७.५ डायॉप्टरपेक्षा कमी असल्यास, देय नसतो. तसेच केवळ तपासण्या करून घेण्यासाठी रुग्णालयात दाखल झाल्यास तोही खर्च वगळला जातो. म्हणून "एक दिवस दाखल व्हा, म्हणजे तपासणी विम्यात बसेल" अशा सल्ल्याला बळी पडू नये.

मोतीबिंदूसाठी काय मिळते, हे पाहण्यास 'आरोग्य संजीवनी' या प्रमाणित विमापत्राचे उदाहरण सोयीचे आहे. १ एप्रिल २०२० पासून हे विमापत्र सर्व कंपन्यांकडे एकाच स्वरूपात उपलब्ध झाले. त्यात मोतीबिंदूसाठी २४ महिन्यांचा प्रतीक्षा कालावधी आहे. त्यानंतर प्रत्येक डोळ्यामागे विमा रकमेच्या २५ टक्के किंवा ४०,००० रुपये, यांपैकी जी रक्कम कमी असेल ती मर्यादा लागू होते. विमा १ लाखाचा असेल तर मर्यादा २५,००० रुपये होते. विमा २ लाखांचा असेल तर २५ टक्के म्हणजे ५०,००० होतात, तथापि मर्यादा ४०,००० रुपयांवरच थांबते. शिवाय मान्य झालेल्या दाव्याच्या ५ टक्के रक्कम विमाधारकाने स्वतः सोसायची असते. विद्यार्थ्यांनी हा हिशोब वहीत करून पाहावा. शेकडेवारीचा याहून उपयुक्त धडा शोधूनही सापडणार नाही.

विमा कंपनीने दावा अयोग्यपणे नाकारला असे वाटल्यास प्रथम कंपनीकडे लेखी तक्रार करावी. ३० दिवसांत उत्तर न आल्यास अथवा उत्तराने समाधान न झाल्यास विमा लोकपालाकडे विनामूल्य दाद मागता येते. सोलापूर जिल्हा पुणे येथील विमा लोकपाल कार्यालयाच्या कक्षेत येतो.

५. राज्य कामगार विमा योजना

औद्योगिक वसाहतीतील कामगाराच्या दृष्टीने सर्वांत महत्त्वाची योजना ही होय. तिचा इतिहासही आपल्याला जवळचा आहे. डॉ. बाबासाहेब आंबेडकर १९४२ ते १९४६ या काळात व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूर खात्याचे सदस्य होते. त्यांच्याच कारकिर्दीत, १९४३ मध्ये, औद्योगिक कामगारांच्या आरोग्य विम्याची योजना आखण्याचे काम प्रा. बी. पी. अडारकर यांच्याकडे सोपवण्यात आले आणि १९४४ मध्ये त्यांनी आपला अहवाल सादर केला. प्रारंभी ज्या उद्योगांचा त्यांनी विचार केला, त्यांत वस्त्रोद्योग होता. पुढे १९४८ मध्ये कायदा झाला आणि २४ फेब्रुवारी १९५२ रोजी कानपूर व दिल्ली येथे योजनेचा प्रारंभ झाला. हा कायदा आता सामाजिक सुरक्षा संहितेत समाविष्ट झाला असून ती संहिता २१ नोव्हेंबर २०२५ पासून अमलात आली आहे.

दहा किंवा त्याहून अधिक कामगार असलेल्या आस्थापनांना ही योजना लागू होते. दरमहा २१,००० रुपयांपर्यंत वेतन असलेला कामगार तिच्या कक्षेत येतो. कामगाराच्या वेतनातून ०.७५ टक्के आणि मालकाकडून ३.२५ टक्के वर्गणी जमा होते. समजा, एखाद्या कामगाराचे मासिक वेतन १२,००० रुपये आहे. त्याच्या पगारातून ९० रुपये कापले जातील आणि मालक ३९० रुपये भरील. म्हणजे त्याच्या नावे दरमहा ४८० रुपये जमा होतील. वर्षाला स्वतःचे १,०८० रुपये देऊन तो स्वतःसाठी व कुटुंबासाठी वैद्यकीय सेवा मिळवतो. मजुरी तुकड्यावर मोजली जाते म्हणून कामगार योजनेबाहेर जात नाही, हे येथे मुद्दाम सांगितले पाहिजे.

आता मूळ प्रश्नाकडे वळू. या योजनेत बाह्यरुग्ण सेवा अंतर्भूत आहे. खासगी विम्यात जी नित्य नेत्रतपासणी बसत नाही, ती येथे विमाधारकाला व त्याच्या पात्र कुटुंबीयांना मिळू शकते. त्यासाठी प्रथम आपल्या नावाच्या दवाखान्यात जावे, तेथून नेत्रविभागाकडे चिठ्ठी घ्यावी. सोलापुरात राज्य कामगार विमा रुग्णालय आहे. चष्मादेखील योजनेच्या साहाय्यक साधनांच्या यादीत आहे. मात्र त्याला मर्यादा आहेत : चष्म्याची चौकट विमाधारक कामगारालाच मिळते, कुटुंबीयांना मिळत नाही, चौकटीच्या किमतीला मर्यादा असते, आणि पाच वर्षांच्या आत ती बदलून मिळत नाही. म्हणजे तपासणी सर्वांची, चष्मा मात्र एकट्याचा. 'कार्ड असून चष्म्याचे पैसे का पडले' या प्रश्नाचे एक उत्तर येथे सापडते.

जेथे कामगारांची संख्या दहाच्या आत राहते, तेथे योजना आपोआप लागू होत नाही. जेथे ती लागू आहे, तेथेही कामगाराने आपला विमा क्रमांक पडला आहे काय, कुटुंबीयांची नावे नोंदली आहेत काय आणि वर्गणी नियमित जमा होते काय, हे वेळोवेळी पाहिले पाहिजे. कापलेली वर्गणी आणि जमा झालेली वर्गणी या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. आजारपणाचा रोख लाभ मिळण्यासाठी सहा महिन्यांच्या वर्गणी कालावधीत किमान ७८ दिवसांची वर्गणी भरलेली असावी लागते. त्या वेळी नोंद अपुरी निघाली तर उपाय उरत नाही.

६. कारखान्यातील संरक्षक चष्मा

नंबरचा चष्मा आणि संरक्षक चष्मा यांत भेद आहे. घासकाम, वेल्डिंग, रसायने हाताळणे अशा कामांत डोळ्यांत कण वा थेंब उडण्याचा धोका असतो. अशा ठिकाणी संरक्षक पडदे किंवा योग्य चष्मे पुरवण्याचे बंधन १९४८ च्या कारखाने अधिनियमाच्या ३५ व्या कलमाने मालकावर घातले होते, आणि आजच्या कायद्यातही सुरक्षेची साधने विनामूल्य देणे हे मालकाचेच कर्तव्य आहे. हा खर्च विम्याचा नाही आणि कामगाराच्या खिशाचाही नाही.

कामावर असताना डोळ्याला इजा झाल्यास ती 'कामावरील दुखापत' ठरते आणि तिचे लाभ निराळे असतात. दुसरा डोळा चांगला असताना एक डोळा गमावल्यास कमावण्याच्या शक्तीची ४० टक्के हानी झाली, असे कायद्याचे परिशिष्ट मानते. डोळा शाबूत राहून त्याची दृष्टी गेल्यास ३० टक्के. ज्या कामास दृष्टी अत्यावश्यक आहे असे कोणतेही काम करता येणार नाही इतकी दृष्टी गेल्यास हानी १०० टक्के धरली जाते. हे आकडे वाचताना मन जड होते. अपघाताची नोंद त्याच दिवशी करून घ्यावी, एवढे प्रत्येक विद्यार्थ्याने घरी जाऊन सांगावे.

७. शासनाच्या योजना

महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजना : ही योजना २ जुलै २०१२ रोजी 'राजीव गांधी जीवनदायी आरोग्य योजना' या नावाने आठ जिल्ह्यांत सुरू झाली आणि त्या आठांत सोलापूर होते. २०१७ मध्ये तिला महात्मा फुल्यांचे नाव देण्यात आले. आता आयुष्मान भारत योजनेशी तिची सांगड घातली असून कुटुंबाला वर्षाला ५ लाख रुपयांपर्यंतचे संरक्षण आहे. परंतु हे संरक्षण रुग्णालयातील ठरावीक उपचारांसाठी आहे. नित्य तपासणी वा चष्मा त्यातून मिळत नाही. पाच लाखांचे कार्ड खिशात असताना काही शे रुपयांचा चष्मा विकत घ्यावा लागतो, यात वाटणारी विसंगती पहिल्या प्रकरणातील तत्त्व आठवले की उलगडते.

राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रम : फेब्रुवारी २०१३ मध्ये महाराष्ट्रातील पालघर येथून सुरू झालेला हा कार्यक्रम शून्य ते अठरा वर्षे वयाच्या मुलांसाठी आहे. वैद्यकीय अधिकारी, परिचारिका व औषधनिर्माता यांचे फिरते पथक शासकीय व अनुदानित शाळांत वर्षातून एकदा आणि अंगणवाड्यांत दोनदा तपासणी करते. दृष्टिदोष हा त्याच्या यादीत आहे.

राष्ट्रीय अंधत्व नियंत्रण कार्यक्रम : १९७६ पासून चालू असलेल्या या कार्यक्रमातून शाळकरी मुलांची नेत्रतपासणी होते आणि नंबर असलेल्या मुलांना मोफत चष्मे देण्याची तरतूद आहे. वृद्धांना जवळचे पाहण्याचे चष्मे देण्याचाही त्यात समावेश आहे. शहरातील शासकीय रुग्णालयाच्या नेत्रविभागात याबाबत चौकशी करावी.

मुख्यमंत्री वयोश्री योजना : राज्य शासनाने फेब्रुवारी २०२४ मध्ये जाहीर केलेल्या या योजनेत ६५ वर्षे पूर्ण झालेल्या आणि कुटुंबाचे वार्षिक उत्पन्न २ लाख रुपयांच्या आत असलेल्या ज्येष्ठांना साहाय्यक साधनांसाठी एकरकमी ३,००० रुपये थेट बँक खात्यात देण्याची तरतूद आहे. साधनांच्या यादीत चष्मा आहे.

विडी कामगार कल्याण निधी : १९७६ च्या कायद्याने स्थापन झालेल्या या निधीतून ओळखपत्रधारक विडी कामगारांना वैद्यकीय साहाय्य मिळते. त्यात चष्म्यासाठी ३०० रुपयांपर्यंतच्या प्रतिपूर्तीची तरतूद करण्यात आलेली आहे. रक्कम लहान आहे. पण तिचा पहिला कागद, म्हणजे ओळखपत्र, अनेक इतर लाभांचेही दार उघडतो.

याखेरीज आणखी एक बदल लक्षात घ्यावा. २२ सप्टेंबर २०२५ पासून नंबरच्या चष्म्यावरील वस्तू व सेवा कर १२ टक्क्यांवरून ५ टक्क्यांवर आला आणि वैयक्तिक आरोग्य विम्याच्या हप्त्यावरील कर रद्द झाला. म्हणून चष्मा घेताना पक्के बिल मागावे व कराची आकारणी पाहावी.

८. अन्य देशांत काय आहे?

चष्म्याचा खर्च समाजाने उचलावा की व्यक्तीने, हा वाद केवळ आपल्याकडचा नाही. आपला कामगार विम्याचा कायदा झाला त्याच वर्षी, ५ जुलै १९४८ रोजी, ब्रिटनमध्ये राष्ट्रीय आरोग्य सेवा सुरू झाली आणि चष्मेही मोफत मिळू लागले. मागणी इतकी वाढली की १९५१ मध्ये सरकारने चष्मे व दातांच्या कवळ्या यांवर शुल्क लावण्याचे ठरवले. ही सेवा ज्यांनी उभारली होती, त्या अन्यूरिन बेव्हन यांनी त्या निर्णयाच्या निषेधार्थ मंत्रिपदाचा राजीनामा दिला. चष्म्याच्या शुल्कावरून मंत्री पायउतार होतो, यावरून हा विषय किती मोठा आहे हे ध्यानात यावे.

अमेरिकेत ज्येष्ठांसाठी असलेली 'मेडिकेअर' ही शासकीय योजना मूळ स्वरूपात नित्य नेत्रतपासणी व चष्मा यांचा खर्च देत नाही. मोतीबिंदूच्या शस्त्रक्रियेत भिंग बसवल्यानंतरचा एक चष्मा हा अपवाद. तेथे स्थायिक झालेल्या मराठी कुटुंबांना म्हणूनच डोळ्यांचा विमा बहुधा वेगळा घ्यावा लागतो. तात्पर्य, श्रीमंत देशांतही विम्याने चष्म्याला दाराबाहेरच उभे केले आहे. जेथे तो आत आला, तेथे सार्वजनिक व्यवस्थेने त्याला आत घेतले.

९. एका कुटुंबाचा विचार

आतापर्यंतची माहिती प्रत्यक्षात कशी वापरावी, हे पाहण्यासाठी एक काल्पनिक कुटुंब डोळ्यांपुढे आणू. वडील ४४ वर्षांचे, अक्कलकोट रोडवरील टॉवेल कारखान्यात कामाला, कामगार विम्याचे सभासद. आई घरी विडी वळते. आजी ६८ वर्षांची, तिला मधुमेह आहे. मुलगी अनुदानित निवासी शाळेत आठवीत शिकते.

वडिलांनी कामगार विम्याच्या दवाखान्यातून चिठ्ठी घेऊन नेत्रतपासणी करावी. चष्म्याची चौकट त्यांना योजनेतून मिळू शकते. आईची तपासणी वडिलांच्या विम्यातून होईल, चष्मा होणार नाही. त्यासाठी विडी कामगाराचे ओळखपत्र उपयोगी पडेल. आजी वडिलांवर अवलंबून म्हणून नोंदलेली असेल, तर तिचा पडदा दरवर्षी तेथेच तपासून घ्यावा. चष्म्यासाठी उत्पन्नाच्या अटीत बसत असल्यास वयोश्री योजनेचा अर्ज करावा. मुलीची तपासणी शाळेत येणाऱ्या पथकाकडून व्हावी आणि नंबर निघाल्यास अंधत्व नियंत्रण कार्यक्रमातून चष्मा मागावा. आजीला पुढे मोठी शस्त्रक्रिया लागली, तर फुले योजनेचे कार्ड जवळ असू द्यावे.

चार माणसांसाठी सहा दारे झाली. एकाच दारावर सर्वांनी उभे राहून रिकाम्या हाताने परतण्यापेक्षा आपापले दार ओळखणे शहाणपणाचे आहे. आणि ही दारे काही कारणाने बंद आढळली तरी चष्मा थांबू नये. दरमहा ५० रुपये डोळ्यांच्या नावाने बाजूला ठेवले, तर वर्षाला ६०० रुपये जमतात. जो खर्च निश्चित येणार आहे, त्याला बचत हेच उत्तर आहे.

१०. पालकांना व विद्यार्थ्यांना विनंती

पालकहो, मूल पुस्तक नाकाजवळ धरत असेल, डोळे बारीक करून पाहत असेल, वारंवार डोके दुखते म्हणत असेल किंवा एक डोळा झाकून वाचत असेल, तर रागावू नका. डोळे तपासून घ्या. मुलीला चष्मा लागला तर लग्नाला अडचण येईल, ही भीती मनातून काढून टाका. अंधुक दृष्टीने शिक्षण अर्धे राहिले, तर येणारी अडचण कितीतरी मोठी असते. मुलांचा नंबर वाढत्या वयात बदलतो, म्हणून तपासणी दरवर्षी करावी.

विद्यार्थिमित्रांनो, तुम्ही घरातील पहिली वाचणारी पिढी असाल. विमापत्र, पगाराची पावती, दवाखान्याची चिठ्ठी हे कागद तुमच्याच हाती वाचण्यासाठी येणार आहेत. ते वाचून आईवडिलांना समजावून सांगणे, हेही शिक्षणाचेच फळ आहे. वर्गातील चष्मा लावणाऱ्या मित्राला चिडवू नका. ज्याने तो लावला आहे, त्याला फळा दिसतो. आणि ज्याला फळा दिसत नाही असा एखादा मित्र तुमच्या शेजारी गप्प बसलेला असेल, तर त्याचे नाव वर्गशिक्षकांना सांगा.

स्वाध्याय

१. नित्य नेत्रतपासणीचा खर्च सामान्य आरोग्य विम्यात का बसत नाही, ते विम्याच्या तत्त्वाच्या आधारे स्पष्ट करा.

२. एका कामगाराचे मासिक वेतन १६,००० रुपये आहे. राज्य कामगार विमा योजनेत त्याची व मालकाची दरमहा वर्गणी किती होईल?

३. दीड लाख रुपयांच्या आरोग्य संजीवनी विमापत्रात मोतीबिंदूसाठी एका डोळ्यामागे कमाल मर्यादा किती असेल?

४. आपल्या घरातील प्रत्येक व्यक्तीचे वय, शेवटच्या नेत्रतपासणीचे वर्ष आणि तिला लागू होणारी योजना यांचा तक्ता तयार करून दिवाळीच्या सुट्टीनंतर वर्गशिक्षकांना दाखवा.